चित्रपटाची ‘प्रत’ : जतन आणि पाठचिकित्सा

ज्ञानेश्वरीच्या अभ्यासकाला ‘प्रत’ या शब्दाचे महत्त्व वेगळे सांगावे लागत नाही. अहमदनगर (आताच्या अहिल्यानगर) जिल्ह्यातील नेवासे येथे शके १२१२ मध्ये सिद्ध झालेल्या या ग्रंथात पुढे अपपाठ शिरले आणि शके १५०६ मध्ये एकनाथांना त्याची शुद्ध प्रत तयार करावी लागली. चित्रपटाच्या रिळांच्या संचालाही आपण ‘प्रत’च म्हणतो, मात्र समोर आलेली प्रत कोणती, हा प्रश्न तेथे क्वचितच विचारला जातो. जुन्या चित्रपटांचे जतन हा तंत्रज्ञांइतकाच पाठचिकित्सकांचाही विषय आहे, हे येथे दाखवावयाचे आहे.

‘प्रभात’चा ‘संत ज्ञानेश्वर’ (१९४०) हे याचे सोयीचे उदाहरण होय. दिग्दर्शन दामले-फत्तेलाल यांचे, लेखन शिवराम वाशीकरांचे, गीते शांताराम आठवल्यांची आणि संगीत केशवराव भोळ्यांचे. ज्ञानेश्वरांची भूमिका नगरमध्येच, मराठी ख्रिस्ती कुटुंबात जन्मलेल्या शाहू मोडक यांनी केली. ज्ञानेश्वरांची जी प्रतिमा विसाव्या शतकातील मराठी मनात रुजली, तिच्या अभ्यासाचे हे एक प्रमुख साधन आहे.

परंतु हे साधन नाशवंत आहे. त्या काळातील चित्रपट नायट्रेटच्या फिल्मवर असत. ही फिल्म सहज पेट घेते आणि कालांतराने चिकट होऊन शेवटी तिची भुकटी होते. नंतर आलेली ॲसिटेट फिल्मही आंबूस वास सुटून कुजते. म्हणून प्रतीवरून प्रत काढणे अटळ ठरते आणि प्रत्येक पिढीत चित्राचे बारकावे उणावतात. चित्रपटगृहात फिरलेल्या प्रतीत रिळाची सुरुवात व शेवट अधिक झिजतात. तुटलेला भाग कापून जोड दिला जातो. ध्वनीही त्याच पट्टीच्या कडेवर मुद्रित असल्याने दृश्याबरोबर संवादातील शब्द गळतो. लेखनिकाच्या हातून ओळ सुटावी, तसाच हा प्रकार आहे.

पुण्यात १९६४ मध्ये राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले. पी. के. नायर यांनी गावोगाव शोध घेऊन तो संग्रह उभा केला. तरीही जानेवारी २००३ मध्ये पूर्वीच्या ‘प्रभात’ स्टुडिओच्या आवारातील कोठाराला आग लागली आणि जुनी नायट्रेट रिळे मोठ्या प्रमाणावर नष्ट झाली. मूळ प्रत गेल्यावर दुय्यम प्रतीचा पाठ ताडून पाहण्याचा आधारच उरत नाही.

आज संगणकाच्या साहाय्याने प्रत्येक चौकटीवरील ओरखडे पुसता येतात. हे काम स्वागतार्ह असले, तरी ते संपादनच होय. हरवलेली चौकट कशाने भरली, ध्वनी किती बदलला, मूळचा कण कोठवर पुसला, याची नोंद नसेल तर सुबक प्रतही अविश्वसनीय ठरते. म्हणून नव्या प्रेक्षकांसमोर चित्रपट ठेवताना प्रतीचा इतिहास, सेन्सॉरच्या नोंदीतील लांबीशी तुलना आणि केलेल्या दुरुस्त्या सांगितल्या पाहिजेत. चित्रपटगृहात विकल्या जाणाऱ्या गीतांच्या पुस्तिका येथे उपयोगी पडतात. छापील गीत आणि ऐकू येणारे गीत विद्यार्थ्यांनी ताडून पाहिले, तर पाठभेदाचा धडा आपोआप मिळेल.

पोथीला जी शिस्त आपण लावली, ती चित्रपटाला लावण्यास अद्याप फार उशीर झालेला नाही. मात्र ती लावण्यासाठी आधी प्रत हाती राहिली पाहिजे.