एक बोली, चार दारे

बोस्नियात सिगारेटच्या पाकिटावर धूम्रपान जीवघेणे असल्याचा इशारा तीन वेळा छापलेला असतो. एकदा बोस्नियन भाषेत, एकदा क्रोएशियनमध्ये आणि एकदा सर्बियनमध्ये. पहिल्या दोन ओळी अक्षरशः सारख्या : ‘पुशेन्ये उबिया’. तिसरी ओळही तीच, फक्त लिपी रोमनऐवजी सिरिलिक. तिन्ही भाषांना सारखा मान द्यायचा, म्हणून एकच वाक्य तीनदा. तिथले लोक या पाकिटावरून एकमेकांची थट्टा करतात. आपल्या सीमाभागातल्या माणसाला ते पाकीट पाहून हसू येईलच, पण तो जरा विचारातही पडेल. पाटीवरची लिपी आणि शाळेचे माध्यम हे विषय आपल्याकडे जेवणाच्या पानावर निघतात.

मे महिन्याच्या सुट्टीत बाल्कन प्रदेशाची नऊ दिवसांची सहल केली. सर्बिया, बोस्निया-हर्झेगोव्हिना, क्रोएशिया आणि माँटेनेग्रो. देश चार, बस एक, आणि प्रत्येक गावी तिथलाच मार्गदर्शक. १९९१ पर्यंत हे चारही देश युगोस्लाव्हिया या एकाच देशाचे भाग होते. युरोप म्हटले की आपली पावले पॅरिस, रोम आणि स्वित्झर्लंडकडे वळतात. ते पाहू नये असे नाही. पण दोन भाषांत वाढलेल्या कुटुंबाशी बोलणारा युरोप पाहायचा असेल, तर तो बाल्कनमध्ये आहे.

देवेर, स्नाहा आणि शेचेर

युगोस्लाव्हियाच्या काळात या चारही प्रदेशांत शाळेत जी भाषा शिकवत, तिचे नाव सर्बो-क्रोएशियन. १८५० साली व्हिएन्नात सर्ब आणि क्रोएट विद्वानांनी एकत्र बसून तिच्या प्रमाणरूपाचा पाया ठरवला. १९५४ साली नोवी साद येथे झालेल्या करारात भाषा एक, लिप्या दोन, हे पुन्हा मान्य झाले. देश फुटल्यावर त्याच भाषेची नावे झाली सर्बियन, क्रोएशियन, बोस्नियन आणि माँटेनेग्रिन. माँटेनेग्रोने २००७ च्या राज्यघटनेत आपल्या भाषेला वेगळे नाव दिले आणि २००९ साली वर्णमालेत दोन नवी अक्षरे घातली.

फरक आहेत, नाही असे नाही. भाकरी-पावाला बेलग्रेडमध्ये ‘ह्लेब’, तर दुब्रोव्हनिकमध्ये ‘क्रुह’. आगगाडी एकीकडे ‘वोझ’, दुसरीकडे ‘व्लाक’. कॉफी सर्बियात ‘काफा’, क्रोएशियात ‘कावा’, बोस्नियातल्या मुसलमानांच्या घरी ‘कह्वा’. पण या तिघांना एका टेबलाशी बसवले तर दुभाषी लागत नाही.

आपल्या कानाला मात्र खरा आनंद देतात ती नात्यांची नावे. नवऱ्याचा भाऊ तिथे ‘देवेर’. आपला दीर, संस्कृतातला देवर. सून म्हणजे ‘स्नाहा’, संस्कृतातली स्नुषा. नवऱ्याचे वडील ‘स्वेकर’, आपले श्वशुर. इंग्रजीत ज्याला सरसकट ‘अंकल’ म्हणून मोकळे होतात, तिथे हे लोक आपल्यासारखेच काका आणि मामा वेगळे ठेवतात. काका ‘स्त्रिट्स’, मामा ‘उयाक’. बोस्नियातल्या मुसलमान घरांत तेच ‘अमिजा’ आणि ‘दाइजा’ होतात, कारण तिथे तुर्कांची सत्ता चारशे वर्षांहून अधिक काळ होती. तुर्कीबरोबर आलेले शब्द तर आपल्या बाजारातलेच वाटतात. दुकान ‘दुचान’, साबण ‘सापुन’, बक्षीस ‘बकशिश’. आपली साखर, कन्नडमधली सक्करे आणि तिकडचा ‘शेचेर’ या तिघांचे मूळ एकच, संस्कृत शर्करा. ‘दुश्मन’ हा शब्दही तिथे जसाच्या तसा आहे.

मराठी आणि कन्नड या तर दोन वेगळ्या कुळांतल्या भाषा. तरी आपल्या घरांत कन्नडमधून आलेले अण्णा आणि अक्का मराठीत सुखाने नांदतात. आजी मराठीत रागावते आणि आजोबा कन्नडमध्ये बाजारहाट करतात. आपल्याकडे दोन भाषांचे एक घर होते. तिकडे एका भाषेची चार घरे झाली. सहलभर हा विचार मनातून जात नाही.

बेलग्रेड : कुलदैवत आणि टेस्ला

बेलग्रेडच्या कालेमेगदान किल्ल्यावरून सावा नदी डॅन्यूबला मिळताना दिसते. याच शहरात सप्टेंबर १९६१ मध्ये अलिप्त राष्ट्रांची पहिली परिषद भरली आणि तिला पंडित नेहरू हजर होते. भारतातून आलो म्हटल्यावर तिथले वयस्कर लोक आजही टिटो आणि नेहरू ही नावे जोडीने घेतात.

सर्ब कुटुंबांत ‘स्लावा’ नावाचा सण असतो. प्रत्येक घराण्याचा एक संत ठरलेला, तो बापाकडून मुलाकडे येतो. त्याच्या दिवशी मेणबत्ती लावतात, खास पाव करतात, गहू शिजवून त्यात साखर आणि अक्रोड घालतात आणि येईल त्याला जेवू घालतात. मार्गदर्शक हे समजावून सांगत असताना आमच्या बसमधल्या एका काकूंनी ‘म्हणजे कुळाचारच की’ असे म्हटले. याहून नेमके भाषांतर नाही. २०१४ साली युनेस्कोने स्लावाला सांस्कृतिक वारशाच्या यादीत घेतले.

तिथल्या संग्रहालयात शास्त्रज्ञ निकोला टेस्लाच्या अस्थी आहेत आणि विमानतळालाही त्याचेच नाव आहे. टेस्ला जन्माने सर्ब, पण त्याचे १८५६ सालचे जन्मगाव स्मिल्यान आज क्रोएशियात येते. क्रोएशियाने २०२३ मध्ये युरो चलन घेतले तेव्हा आपल्या नाण्यांवर टेस्लाचे चित्र घातले. कादंबरीकार इवो आंद्रिच यांचेही तेच. जन्म बोस्नियातल्या क्रोएट कुटुंबातला, आयुष्य बेलग्रेडमध्ये गेलेले, १९६१ चे नोबेल पारितोषिक. आज तिन्ही बाजूंचे लोक त्यांना आपला म्हणतात.

पुलांचा प्रदेश

सर्बियातून बोस्नियात शिरल्यावर व्हिशेग्राड लागते. द्रिना नदीवरचा अकरा कमानींचा दगडी पूल १५७७ च्या सुमारास पूर्ण झाला आणि आंद्रिच यांची सर्वात गाजलेली कादंबरी याच पुलावर आहे. पूल इतका देखणा, की छायाचित्रे काढताना भान राहत नाही. पण १९९२ साली याच पुलावर बोस्नियाक मुसलमानांना मारून नदीत फेकले गेले. हे मार्गदर्शक आपण होऊन सांगेलच असे नाही. वाचून जावे.

सारायेवोत जुन्या बाजारपेठेपासून काही मिनिटांच्या चालीत मशीद, ऑर्थोडॉक्स चर्च, कॅथलिक चर्च आणि ज्यूंचे प्रार्थनास्थळ अशी चारही दिसतात. त्याच परिसरातल्या लॅटिन पुलाजवळ २८ जून १९१४ रोजी ऑस्ट्रियाच्या युवराजाचा खून झाला आणि पहिल्या महायुद्धाची ठिणगी पडली. १९९२ ते १९९६ या काळात या शहराला बोस्नियन सर्ब फौजांनी १,४२५ दिवस वेढा घातला. वेढ्याला वीस वर्षे झाली तेव्हा, २०१२ साली, मुख्य रस्त्यावर ११,५४१ लाल खुर्च्या मांडल्या होत्या. गेलेल्या प्रत्येकासाठी एक. १९९२ च्या ऑगस्टमध्ये जळालेले ग्रंथालयाचे भवन २०१४ साली पुन्हा उघडले. भाषेच्या प्राध्यापकाला त्या इमारतीसमोर फार वेळ बोलवत नाही.

मोस्तारचा पूल १५६६ चा. ९ नोव्हेंबर १९९३ रोजी क्रोएट फौजांच्या तोफांनी तो पडला आणि २००४ साली त्याच जातीच्या स्थानिक दगडांत पुन्हा उभा राहिला. आज त्यावरून तरुण नदीत उड्या मारतात आणि पर्यटक टाळ्या वाजवतात. पण पूल जोडला म्हणून गाव जोडले गेले, असे नाही. २००८ नंतर मोस्तारमध्ये नगरपालिकेची निवडणूक थेट २०२० साली झाली. बारा वर्षे दोन बाजूंचे पुढारी नियमांवर एकमत करू शकले नाहीत.

एका छपराखाली दोन शाळा

या सहलीतली सर्वात जड गोष्ट एखादे पडके घर नसून नीट रंगवलेली शाळा आहे. बोस्नियाच्या मध्य आणि दक्षिण भागांत ‘एका छपराखाली दोन शाळा’ नावाची पद्धत आहे. इमारत एकच, पण क्रोएट मुले एका अभ्यासक्रमाने शिकतात आणि बोस्नियाक मुले दुसऱ्या. कुठे दारे वेगळी, कुठे वेळा वेगळ्या, शिक्षक आणि मुख्याध्यापकही वेगळे. युद्धानंतर विस्थापित कुटुंबे परत यावीत म्हणून ही तात्पुरती सोय काढली होती. ती कायमची होऊन बसली. युरोपातल्या सुरक्षा आणि सहकार्य संघटनेच्या २०१८ च्या अहवालात अशा २८ ठिकाणच्या ५६ शाळांची नोंद आहे. मधल्या सुट्टीत ही मुले एकमेकांशी बोलू शकतात, कारण भाषा तीच आहे. बोलायची वेळ मात्र फारशी येऊ दिली जात नाही.

याइत्से हे धबधब्याचे सुंदर गाव. १९४३ साली याच गावातल्या बैठकीत संघराज्य युगोस्लाव्हियाचा पाया घातला गेला. २०१६ साली तिथल्या सरकारने माध्यमिक शाळेतल्या बोस्नियाक मुलांसाठी वेगळी शाळा काढायचे ठरवले. तेव्हा मुलेच रस्त्यावर आली, आणि क्रोएट व बोस्नियाक दोन्ही आली. आम्हाला वेगळे करू नका, एवढीच त्यांची मागणी. २०१७ साली सरकारला तो बेत सोडावा लागला आणि पुढच्या वर्षी या विद्यार्थ्यांना अल्पसंख्याकांच्या हक्कांसाठी दिला जाणारा मॅक्स फान डेर स्टूल पुरस्कार मिळाला. जे मोठ्यांना वीस वर्षांत जमले नाही, ते अकरावी-बारावीच्या पोरांनी करून दाखवले.

मातृभाषेतून शिकण्याचा हक्क हवाच. तो आपल्याकडे किती मोलाचा आहे, हे सीमाभागाला कोणी सांगायला नको. पण आपली भाषा शिकणे वेगळे आणि शेजारच्या मुलाची ओळखच होऊ न देणे वेगळे. दोन्ही गोष्टी शाळेच्या एकाच दारातून आत येतात, म्हणून त्यांची निवड पालकांनाच करावी लागते.

समुद्राकडे

मोस्तारहून दुब्रोव्हनिकला जाताना नेउम लागते. बोस्नियाला समुद्रकिनारा आहे तो एवढाच, सुमारे वीस किलोमीटर. १६९९ सालच्या तहात दुब्रोव्हनिकच्या प्रजासत्ताकाने व्हेनिसशी सरहद्द भिडू नये म्हणून ही पट्टी तुर्कांना सोडली. त्या सौद्यामुळे आज क्रोएशियाच्या किनाऱ्याचे दोन तुकडे झाले आहेत. ते सांधायला क्रोएशियाने जुलै २०२२ मध्ये पेल्येशात्सचा समुद्रावरचा पूल खुला केला.

दुब्रोव्हनिकच्या तटावरून जवळजवळ दोन किलोमीटरची फेरी होते. खाली कौले दिसतात, काही फिकट, काही लालभडक. लालभडक बरीचशी १९९१ च्या तोफमाऱ्यानंतर बसवलेली. हा मारा युगोस्लाव्ह सैन्याचा होता. शेजारच्या माँटेनेग्रोतले अनेक तरुण त्यात होते, आणि दुसऱ्या दिवशी आपण त्याच माँटेनेग्रोत कोतोरचा शांत आखात पाहायला जातो.

अनेक देशांच्या सहलीचा खरा फायदा मला इथे उमगला. बेलग्रेडचा मार्गदर्शक १९९९ सालच्या नाटोच्या ७८ दिवसांच्या बॉम्बवर्षावाबद्दल सांगतो, सारायेवोचा वेढ्याबद्दल, दुब्रोव्हनिकचा कौलांबद्दल. प्रत्येक जण आपल्या गावावर पडलेले गोळे मोजतो. आपल्या लोकांनी टाकलेले गोळे पुढच्या देशात गेल्यावर ऐकायला मिळतात. एकच देश पाहून परतलो, तर एकाच बाजूची हकिगत घेऊन येतो.

जाणाऱ्यांसाठी

क्रोएशिया २०२३ पासून शेंगेन गटात आहे. माँटेनेग्रोला जाऊन परत यायचे असल्याने अनेक प्रवेशांचा शेंगेन व्हिसा घ्यावा. तो असला की इतर तीन देशांत थोड्या मुक्कामाला साधारणपणे सवलत मिळते. पण नियम बदलतात, म्हणून तिकिटाआधी दूतावासांकडे खात्री करावी. क्रोएशिया आणि माँटेनेग्रोत युरो चालतो, बोस्नियात मार्क, सर्बियात दिनार.

शाकाहारी मंडळींनी बोस्नियात ‘बुरेक’ मागू नये, त्यात खिमा असतो. तशाच दिसणाऱ्या चीजच्या ‘सिर्नित्सा’, पालकाच्या ‘झेल्यानित्सा’ आणि बटाट्याच्या ‘क्रोम्पिरुशा’ मागाव्यात. सर्बियात ‘पोस्नो’ म्हणजे उपवासाचे जेवण. त्यात मांस आणि दूध नसते, मात्र मासे चालतात, तेवढे विचारून घ्यावे.

कॉलेजात जाणारी मुले असतील तर त्यांना बरोबर न्यावे. प्रत्येक मार्गदर्शकाला एक प्रश्न विचारायला सांगावे : तुम्ही शाळेत कोणती भाषा शिकलात आणि आज घरी कोणती बोलता? पंचेचाळिशीच्या पुढचा माणूस जरा थांबतो, कारण त्याने शिकलेल्या भाषेचे नाव आता सरकारी कागदावर उरलेले नाही. २०१७ साली चारही देशांतल्या लेखकांनी आणि भाषातज्ज्ञांनी जाहीरनामा काढून सांगितले, की नावे चार असली तरी भाषा समाईक आहे. त्यावर मोठा वादही झाला. सामान्य माणसाने मात्र वाद टाळण्यासाठी पूर्वीपासूनच एक शब्द वापरात ठेवला आहे. भाषेचे नाव विचारले की तो ‘नाश्की’ म्हणतो. त्याचा अर्थ, आपल्यातली.