मांडवातली दाद आणि अर्जातला रकाना

भाऊबीज झाली की झाडीपट्टीत मंडया भरू लागतात आणि मंडईबरोबर नाटकं येतात. वडसा, म्हणजे देसाईगंज, हे या रंगभूमीचं ठाणं. तिथल्या कंपन्या होळीपर्यंत गडचिरोली, चंद्रपूर, भंडारा, गोंदिया या जिल्ह्यांत फिरतात. धानोऱ्याच्या बाजूलाही कापणी उरकलेली माणसं पोरंबाळं घेऊन, अंगावर घोंगड्या-चादरी ओढून पहाटेपर्यंत मांडवात बसून असतात. कुरखेडा तालुक्यातल्या गुरनोलीचे परशुराम खुणे यांना 2023 साली पद्मश्री मिळाली, तेव्हा या रंगभूमीचं नाव दिल्लीपर्यंत गेलं. आज या नाटकांत स्त्रियांच्या भूमिका स्त्रियाच करतात. पण या रंगभूमीची मुळं ज्या दंडारीत आणि खडी गंमतीत आहेत, तिथं बाईचं सोंग पुरुषच घ्यायचा. शाहीर उभ्यानं गातो, मागं ढोलकी आणि तुणतुणं, पुढं लुगडं नेसून, चाळ बांधून नाच्या फिरतो, आणि बघणाऱ्या बाया त्याच्या पदर सावरण्यातली खोड काढतात किंवा त्याला मान्यता देतात. त्या नजरेला परीक्षकाची नजर म्हणायला हरकत नाही.

इथून उडी मारून ‘बघा, आपल्याकडे समलिंगी-पारलिंगी असणं आधीपासून मान्यच होतं’ असं सांगण्याचा मोह अनेकांना होतो. तो टाळायला हवा. स्त्रियांना रंगमंचाची दारं बंद होती म्हणून पुरुषांनी स्त्रीभूमिका केल्या. बालगंधर्वांची कारकीर्द त्यातूनच घडली. लुगडं नेसणारा प्रत्येक नट समलिंगी किंवा पारलिंगी होता, असं म्हणणं इतिहासावरही अन्याय आणि त्या नटांवरही. मला यातून एवढंच काढायचं आहे की पुरुषदेहात स्त्री पाहण्याची ताकद आपल्या प्रेक्षकांत होती, आणि ती ताकद मांडवाच्या कनातीपाशी संपत होती. तमाशापटांत नाच्या रंगवणारे गणपत पाटील पडद्यावर लाडके होते, पण त्या भूमिकेची हेटाळणी त्यांच्या घरापर्यंत पोचली. आनंद यादवांच्या ‘नटरंग’मधला पैलवान गुणा नाच्या होतो आणि गावाच्या नजरेतून उतरतो. 2010 साली त्याच कादंबरीवरच्या सिनेमाला गर्दी लोटली, तरी खऱ्या नाच्याची किंमत त्यानं वाढली असं दिसत नाही. माझं म्हणणं या लेखात एकच आहे: समाज समलिंगी आणि पारलिंगी माणसांची कला, बुद्धी, मेहनत आधी घेतो, हक्क फार उशिरा देतो, आणि मधलं अंतर नुसत्या कौतुकानं कधी भरून निघत नाही. ते कुणीतरी भांडून भरावं लागतं.

याचा सगळ्यात ठसठशीत पुरावा अमेरिकेत आहे. 28 ऑगस्ट 1963 रोजी वॉशिंग्टनमध्ये अडीच लाख माणसं जमली आणि मार्टिन ल्यूथर किंग यांनी आपलं जगप्रसिद्ध भाषण केलं. नागरी हक्कांसाठीचा हा मोर्चा उभा केला बेयर्ड रस्टिन यांनी. बसगाड्या कुठं थांबतील, लाउडस्पीकर कसा लागेल, पिण्याचं पाणी कुठं असेल इथपर्यंतचं नियोजन त्यांच्या हातून गेलं. रस्टिन गांधीविचाराचे होते, 1948 साली भारतात येऊन गेले होते, आणि 1956 मध्ये मॉन्टगोमेरीच्या बस बहिष्काराच्या वेळी किंग यांना अहिंसक लढ्याचा सल्ला देणाऱ्यांत ते पुढं होते. ते समलिंगी होते. त्यासाठी 1953 साली त्यांना अटक झाली होती, आणि मोर्चाच्या तोंडावर एका सिनेटरनं भर सभागृहात ती अटक उकरून काढली. पुढची कित्येक वर्षं त्यांचं नाव मागेच राहिलं. 1987 साली ते गेले. राष्ट्राध्यक्षांच्या हातचं सर्वोच्च नागरी पदक त्यांच्या नावे दिलं गेलं ते 2013 मध्ये. ज्या वर्षी रस्टिन पकडले गेले, त्याच 1953 साली राष्ट्राध्यक्ष आयझेनहॉवर यांच्या आदेशानं समलिंगी माणसांना केंद्र सरकारच्या नोकरीतून काढण्याचा मार्ग मोकळा झाला होता. फ्रँक कामेनी हे खगोलशास्त्रज्ञ 1957 मध्ये असेच घरी बसवले गेले. ते गप्प बसले नाहीत, सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले, हरले, तरी लढत राहिले. सरकारनं त्यांची रीतसर माफी मागितली 2009 साली. जेम्स बाल्डविन यांच्या कादंबऱ्या वाचणारा आणि टेनेसी विल्यम्स यांच्या नाटकांना गर्दी करणारा देश तोच, आणि माणसांना नोकरीवरून हाकलणारा देशही तोच. जून 1969 मध्ये न्यूयॉर्कच्या स्टोनवॉल इन या बारवर पोलिसांची धाड पडली आणि गिऱ्हाइकांनी उलटा प्रतिकार केला, तो या दुटप्पीपणाला कंटाळून. डिसेंबर 1973 मध्ये अमेरिकन मनोविकारतज्ज्ञांच्या संघटनेनं समलैंगिकता आजारांच्या यादीतून वगळली, तीही कार्यकर्त्यांनी त्यांच्या परिषदांत घुसून प्रश्न विचारल्यावर.

इथं नेहमीचा आक्षेप येतो: ही अमेरिकेची थेरं, आपल्याला कशाला? प्रश्न प्रामाणिक असेल तर उत्तरही सरळ द्यायला हवं. नागपूरचं भोसल्यांचं राज्य खालसा झाल्यावर चांदा, म्हणजे आजचा चंद्रपूर-गडचिरोलीचा मुलूख, इंग्रजांकडे गेला, आणि 1860 चं दंडविधान 1862 पासून लागू झालं. त्यातलं कलम 377 इंग्रजांनी लिहिलं. समलिंगी संबंधांना जन्मठेपेपर्यंतची शिक्षा ही बाहेरून आलेली गोष्ट आहे. माणसं इथलीच होती. याचा मराठीतला दाखला र. धों. कर्व्यांच्या ‘समाजस्वास्थ्य’ मासिकात मिळतो. 1927 पासून 1953 पर्यंत चाललेल्या या मासिकाला मराठी वाचक लैंगिक जीवनाविषयी प्रश्न पाठवत, त्यांत समलिंगी आकर्षणाचेही असत. असल्याच प्रश्नोत्तरांवरून 1934 साली कर्व्यांवर अश्लीलतेचा खटला झाला आणि त्यांच्या बाजूनं उभे राहिले डॉ. बाबासाहेब आंबेडकर. लैंगिक प्रश्नांची शास्त्रीय उत्तरं देणं म्हणजे अश्लीलता नव्हे, ही भूमिका त्यांनी मांडली. खटला ते हरले, कर्व्यांना दोनशे रुपये दंड झाला. असाच एक वाद अमेरिकेत वीस वर्षांनी उभा राहिला: ‘वन’ नावाच्या समलिंगींच्या मासिकाचा ऑक्टोबर 1954 चा अंक लॉस एंजेलिसच्या पोस्टमास्तरनं अश्लील म्हणून अडवला, आणि 1958 मध्ये तिथल्या सर्वोच्च न्यायालयानं मासिकाच्या बाजूनं निकाल दिला. म्हणजे हा प्रश्न आमच्याकडे ‘वन’च्या खटल्याआधीच कोर्टात आला होता. त्यांना जे 1958 मध्ये मिळालं, त्याची वाट आपण फार काळ पाहिली, इतकाच फरक. अशोक राव कवी यांनी मुंबईत ‘बॉम्बे दोस्त’ काढलं ते 1990 साली.

मराठी साहित्य मात्र थांबलं नाही. विजय तेंडुलकरांचं ‘मित्राची गोष्ट’ 1981 मध्ये रंगमंचावर आलं, रोहिणी हट्टंगडींनी त्यातली समलिंगी मित्रा उभी केली. 2006 मध्ये सचिन कुंडलकरांनी ‘कोबाल्ट ब्ल्यू’ कादंबरीत एकाच भाडेकरूवर जीव जडलेले भाऊ-बहीण एका मध्यमवर्गीय घरात बसवले. ‘जोगवा’ सिनेमातल्या जोगत्याच्या भूमिकेसाठी उपेंद्र लिमये यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. पुण्यात बिंदुमाधव खिरे यांनी समपथिक ट्रस्ट काढून मराठीतून साधी, समजेल अशी पुस्तकं लिहिली. मला ते काम यातल्या कुठल्याही पुरस्काराइतकं मोलाचं वाटतं. खेड्यातल्या मुलाला आधी माहिती लागते, मग कादंबरी.

दुसरा आक्षेप संख्येचा. 2013 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं कलम 377 पुन्हा जिवंत केलं तेव्हा या समाजाला लोकसंख्येचा अगदी क्षुल्लक अंश म्हटलं होतं. मूठभरांसाठी एवढा खटाटोप कशाला, हे आजही पारावर ऐकू येतं. याचं उत्तर मला धानोरा तालुक्यातच सापडतं. लेखा-मेंढा हे वनहक्क कायद्याखाली सामूहिक हक्क मिळवणारं देशातल्या पहिल्या गावांपैकी एक. तिथली ग्रामसभा निर्णय हात मोजून करत नाही, सर्वसहमतीनं करते. एकाचं समाधान झालं नसेल तर विषय पुढच्या सभेवर जातो. त्या ग्रामसभेनं या विषयावर ठराव केला, असा माझा दावा नाही. पण अल्पमत म्हणजे टाकाऊ मत नव्हे, हे तत्त्व जंगलाच्या प्रश्नावर आपल्याला पटतं, मग माणसाच्या प्रश्नावर का पटू नये? अख्ख्या देशाच्या तुलनेत आदिवासी कमी, आदिवासींत एखाद्या गावचे माडिया आणखी कमी. संख्येवर हक्क तोलायचे ठरवले तर गडचिरोलीच्या वाट्याला काय उरेल? सर्वोच्च न्यायालयानंही 6 सप्टेंबर 2018 रोजी आपली जुनी भूमिका सोडली. त्या याचिकेवर पहिलं नाव नवतेजसिंग जोहर यांचं होतं आणि ते भरतनाट्यम नर्तक आहेत. मंचावरचा माणूस शेवटी कोर्टात गेला, तेव्हा कायदा हलला.

तिसरा आक्षेप मला सगळ्यात जड वाटतो. जिथं मलेरिया आहे, पावसाळ्यात रस्ते तुटतात, वर्षानुवर्षं नक्षल आणि पोलीस यांच्यात माणसं भरडली गेली, तिथं हा विषय चैनीचा नाही का? चैनीचा असता तर मी लिहिला नसता. गडचिरोलीच्या तरुणांना विचारा, पोलीस भरती म्हणजे काय असते: पहाटेची धावणी, गोळाफेक, घराचं डोळे लावून बसणं. 2022 च्या भरतीत ऑनलाइन अर्जावर लिंगाच्या रकान्यात दोनच पर्याय होते. दोन पारलिंगी उमेदवारांनी दाद मागितली. प्रशासकीय न्यायाधिकरणानं त्यांच्या बाजूनं आदेश दिला, राज्य सरकार त्याविरुद्ध मुंबई उच्च न्यायालयात गेलं, न्यायालयानं खडसावल्यावर डिसेंबरात तिसरा पर्याय अर्जात आला. सर्वोच्च न्यायालयानं पारलिंगींना ओळखीचा हक्क दिला होता 15 एप्रिल 2014 रोजी. मधली साडेआठ वर्षं एका रकान्यासाठी गेली. पोटापाण्याचा प्रश्न आणि ओळखीचा प्रश्न वेगळे असते तर हे झालं नसतं. ज्याला अर्जच भरता येत नाही, त्याच्यासाठी भरती निघालीच नाही असं समजा.

आणि मिळालेलं टिकतंच असंही नाही. अमेरिकेत 26 जून 2015 रोजी समलिंगी विवाहाला देशभर मान्यता मिळाली. आपल्याकडे 17 ऑक्टोबर 2023 च्या निकालानं तो हक्क नाकारला आणि चेंडू संसदेकडे टोलवला. पण त्याच अमेरिकेत जानेवारी 2025 मध्ये केंद्र सरकार फक्त दोन लिंगं मानेल असा आदेश निघाला, आणि फेब्रुवारीत स्टोनवॉलच्या राष्ट्रीय स्मारकाच्या अधिकृत पानावरून पारलिंगींचा उल्लेख काढला गेला. ज्या बंडात पारलिंगी माणसं स्वतः उतरली होती, त्याच बंडाच्या स्मारकावरून. म्हणून आपल्याकडे 2019 च्या कायद्यानं जिल्हाधिकाऱ्यांकडून ओळखपत्राची जी सोय केली, 2020 मध्ये राज्यानं जे तृतीयपंथी कल्याण मंडळ नेमलं, ते गावपातळीवर पोचतंय का हे विचारत राहणं आपलं काम आहे. धानोऱ्याहून गडचिरोलीच्या कचेरीत एकट्यानं जाऊन असा अर्ज करायला आजही फार धीर लागतो. सरपंच, शिक्षिका किंवा आशाताई सोबत गेली तर तेवढा लागणार नाही.