दामदुप्पट : घरकर्जाचा खरा हिशेब

राजगडावर जाणाऱ्या वाटांपैकी दोन वाटा विशेष परिचयाच्या आहेत. गुंजवणे गावातून चोर दरवाजाकडे जाणारी वाट उभी आणि दमछाक करणारी आहे. पाली गावातून पाली दरवाजाकडे नेणारी वाट पायऱ्यांची, प्रशस्त आणि सोपी, पण लांबची. (ही पाली वेल्हे भागातील, गडाच्या पायथ्याची, अष्टविनायकांतील बल्लाळेश्वराची पाली निराळी, ती रायगड जिल्ह्यात.) गड चढणाऱ्याने सोपी वाट धरली तर त्याचा थोडा वेळ अधिक जातो, इतकेच. घरकर्जात मात्र सोप्या वाटेचे वेगळे मोल द्यावे लागते, आणि ते किती होते हे पुष्कळ कुटुंबांना कर्ज फिटत आल्यावर उमगते.

नसरापूर, भोर, खेड शिवापूर या पेठांत दुकान, आणि मुलांच्या शिक्षणासाठी कात्रज किंवा धायरीकडे एखादी सदनिका, हे चित्र या पट्ट्यात नवे नाही. दुकानात बसणारा हाच गृहस्थ रोखीच्या वटावातील अर्ध्या टक्क्यासाठी घासाघीस करतो; कोणाची उधारी किती दिवसांची, हे त्याला वही न उघडता सांगता येते. घरकर्जाच्या टेबलापाशी आल्यावर मात्र त्याचा प्रश्न बहुधा एकच असतो : हप्ता किती बसेल? व्याज एकूण किती जाईल, हा प्रश्न विचारायचा राहून जातो.

हिशेब मांडून पाहावा. पुण्यात ५० लाखांची सदनिका घेतली आणि तिच्यासाठी ४० लाखांचे कर्ज वार्षिक साडेआठ टक्के दराने २० वर्षांकरिता काढले, असे धरू. मासिक हप्ता येतो ३४,७१३ रुपये. अशा २४० हप्त्यांची बेरीज ८३ लाख ३१ हजार होते. म्हणजे ४० लाखांच्या मुद्दलावर व्याज ४३ लाख ३१ हजार.

जुन्या पेढ्यांना दामदुप्पट हा शब्द चांगला ठाऊक होता. एका वेळी थकलेले व्याज मुद्दलाहून अधिक वसूल करू नये, हा धर्मशास्त्रातून आलेला नियम. मुंबई इलाख्यातील न्यायालये तो हिंदू ऋणकोंच्या व्यवहारांना लावीत असत. घरकर्जाचे व्याज दर महिन्याला भरले जाते, ते थकत नाही. म्हणून त्या नियमाच्या कसोटीला बँकेचे काही चुकत नाही. परंतु सावकाराने एकरकमी दुप्पट मागितली की जे मन दचकते, तेच मन वीस वर्षांत तुकड्यातुकड्यांनी दिलेली दुप्पट शांतपणे सोसते. अर्थात केवळ बेरजेने घाबरून जाण्याचेही कारण नाही. वीस वर्षांनंतरच्या रुपयाला आजच्या रुपयाचे मोल उरत नाही, मधल्या काळातील घरभाडे वाचते, आणि डोक्यावर हक्काचे छप्पर येते. प्रश्न कर्ज घ्यावे की नाही हा नसून, घेतलेल्या कर्जाची नोंद कुटुंबाच्या वहीत खऱ्या किमतीने होते की नाही, हा आहे.

ही किंमत वाढते कुठे, ते पहिल्याच हप्त्यात दिसते. ३४,७१३ रुपयांपैकी २८,३३३ रुपये व्याजाचे आणि ६,३८० रुपये मुद्दलाचे. पहिल्या वर्षात घरातून ४ लाख १६ हजार जातात, मुद्दल कमी होते सुमारे ८० हजारांनी. पाच वर्षे नियमित हप्ते भरून, २० लाख ८३ हजार देऊन झाल्यावरही ३५ लाख २५ हजार बाकी असते. दहा वर्षे, म्हणजे अर्धी मुदत, संपते तेव्हा २८ लाख शिल्लक असतात. निम्मे कर्ज फिटायला चौदावे वर्ष जवळजवळ संपावे लागते. यात लबाडी काही नाही. शिल्लक मुद्दलावर व्याज, हा कटमितीने व्याज काढणाऱ्यांच्या ओळखीचाच न्याय आहे. फक्त सुरुवातीला शिल्लक मोठी असते, म्हणून व्याजही मोठे असते.

आता सोपी वाट पाहू. हप्ता हलका व्हावा म्हणून हेच कर्ज ३० वर्षांचे केले, तर हप्ता ३०,७५७ रुपयांवर येतो. महिन्याला सुमारे चार हजारांचा दिलासा. पण एकूण व्याज ७० लाख ७२ हजार होते, म्हणजे चार हजारांच्या सवलतीपोटी सव्वासत्तावीस लाखांहून अधिक जादा. उलट मुदत १५ वर्षांची ठेवली तर हप्ता ३९,३९० रुपये, आणि व्याज ३० लाख ९० हजार. वीस वर्षांच्या कर्जाच्या तुलनेत महिन्याला ४,६७७ रुपये जास्त द्यावे लागतात आणि व्याजातील १२ लाख ४१ हजार वाचतात. दुकानाच्या गल्ल्यातून पाच हजार अधिक काढणे नेहमी शक्य असतेच असे नाही, पण निवड करताना हे आकडे समोर असले पाहिजेत.

एके काळी असे कर्ज मिळणेच अवघड होते. हसमुखभाई पारेख यांनी १९७७ साली एचडीएफसीची स्थापना केली. त्यापूर्वी सामान्य कुटुंबाने घर घ्यायचे ते बचतीतून, भिशीतून किंवा आप्तांच्या उसनवारीवर. आज कर्ज सहज मिळते आणि ते बहुतांशी फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराचे असते. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची अशी नवी घरकर्जे बाह्य निर्देशकाशी, बहुधा रिझर्व्ह बँकेच्या रेपो दराशी, बांधलेली आहेत. त्याचा अर्थ काय, हे २०२२ साली कळून चुकले. ४ मे २०२२ पूर्वी रेपो दर ४ टक्के होता. ८ फेब्रुवारी २०२३ पर्यंत तो साडेसहा टक्के झाला. नऊ महिन्यांत अडीच टक्के!

एप्रिल २०२२ मध्ये पावणेसात टक्के दराने ४० लाख घेतलेल्या कुटुंबाचा वीस वर्षांचा हप्ता ३०,४१५ रुपये होता. दर तिमाहीला नवा दर लागू होत गेला असे धरले, तर वर्षाअखेर ३ लाख ६५ हजार भरून मुद्दल अवघे ४७ हजारांनी उतरले असते. आणि एप्रिल २०२३ मध्ये, सव्वानऊ टक्के दराने, त्या महिन्याचे व्याजच ३०,४७० रुपये झाले असते. हप्त्याहून ५५ रुपये अधिक! असा हप्ता जन्मभर भरला तरी कर्ज फिटणार नाही, उलट वाढेल. मुदत मूळची ठेवायची तर हप्ता ३६,८७३ रुपये करणे भाग होते. ज्यांची कर्जे जुनी, मुद्दल बरेच उतरलेले, त्यांचा हप्ता अनेकदा तसाच राहिला आणि मुदत लांबली. हप्ता बदलला नाही म्हणून घरात कोणाच्या ध्यानात काही आले नाही. कर्ज मात्र निवृत्तीच्या वयापलीकडे गेले.

या प्रकाराची दखल घेऊन रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ रोजी परिपत्रक काढले. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे, हे ठरवण्याचा पर्याय ऋणकोला द्यावा. मुदत वाढवल्याने हप्त्यातून व्याजही भागत नाही अशी स्थिती येऊ देऊ नये. दर तिमाहीला वसूल झालेले मुद्दल, व्याज आणि उरलेले हप्ते दाखवणारे विवरण द्यावे, असे त्यात आहे. हे विवरण मागून घ्यावे. दिवाळीला वहीपूजन होते, तेव्हा दुकानाच्या वहीशेजारी हा एक कागदही ठेवायला हरकत नाही.

दर उतरतानाची गोष्ट याहून थोडी वेगळी. २०२५ साली रेपो दर चार टप्प्यांत साडेसहावरून सव्वापाच टक्क्यांवर आला. अशा वेळी बँकेने हप्ता कमी केला, तर तो शक्यतो पूर्वीइतकाच ठेवावयास सांगावा. फरकाची सारी रक्कम मुद्दलाला लागते. ज्यांची जुनी कर्जे अजून एमसीएलआर किंवा बेस रेटवर आहेत, त्यांना कपातीचा लाभ उशिरा आणि अपुरा पोचतो. थोडे शुल्क भरून नव्या पद्धतीत जाता येते, पण ते मागावे लागते. बँक आपण होऊन पत्र पाठवील या भरवशावर राहू नये.

व्यापारी कुटुंबाजवळ पगारदाराजवळ नसलेली एक सोय असते : हंगामाचा पैसा. लग्नसराईनंतर किंवा दिवाळीनंतर हातात येणाऱ्या रकमेतून वर्षाला एक जादा हप्ता भरला, तर वर उल्लेखिलेले वीस वर्षांचे कर्ज तीन वर्षे तीन महिने आधी फिटते आणि सुमारे सव्वाआठ लाखांचे व्याज वाचते. रक्कम भरण्याची वेळ तर रकमेहूनही महत्त्वाची. पहिल्या वर्षाअखेर दोन लाख भरले तर पुढील व्याजातील सात लाखांहून अधिक वाचतात. तेच दोन लाख पंधराव्या वर्षाअखेर भरले तर वाचतात जेमतेम ९७ हजार. मुलीचे लग्न, मुलाचे शिक्षण, नवा गाळा या साऱ्यांतून उरेल ते शेवटी भरू, हा विचार म्हणूनच महाग पडतो. बदलत्या दराच्या घरकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड बँकांना २०१२ पासून घेता येत नाही. मात्र हे संरक्षण व्यक्तीच्या नावावरील कर्जाला आहे. घर पेढीच्या किंवा कंपनीच्या नावावर घेतले असेल, तर करारातील अट वाचूनच पुढे जावे.

यावर व्यापाऱ्याचे उत्तर ठरलेले असते : धंद्यात पैसा पंधरा टक्के मिळवतो, मग साडेआठ टक्क्यांचे कर्ज कशाला फेडायचे? उत्तर चुकीचे नाही, अपुरे आहे. पंधरा टक्के हे करापूर्वीचे असतात, बुडीत उधारी वजा न केलेले असतात, आणि मंदीच्या वर्षात ते मिळत नाहीत. व्याज मात्र मंदीतही चालूच राहते. ज्यांना भांडवल मोकळे ठेवणे आवश्यकच आहे, त्यांच्यासाठी काही बँकांचे ओव्हरड्राफ्ट पद्धतीचे घरकर्ज आहे. दुकानाचा पडून असलेला पैसा त्या खात्यात ठेवावा, तितके दिवस तितक्या रकमेवरचे व्याज वाचते, आणि माल भरायची वेळ आली की तो काढून घ्यावा. दर किंचित जास्त असतो, म्हणून खात्यात खरोखर शिल्लक राहणार असेल तरच ते परवडते. घरावर टॉप-अप काढून दुकानात माल भरणे, हा मात्र धोक्याचा मार्ग. तीन महिन्यांत विकल्या जाणाऱ्या मालाचे कर्ज पंधरा वर्षे फेडत राहावे लागते.

कर्जाबाहेरचे खर्चही ध्यानात घ्यावेत. ५० लाखांच्या घराला बँक ४० लाख देते. उरलेले १० लाख स्वतःचे. पुणे महापालिका हद्दीत मुद्रांक शुल्क ७ टक्के, म्हणजे साडेतीन लाख (घर स्त्रीच्या नावावर घेतल्यास एक टक्का सवलत), आणि नोंदणीचे ३० हजार. बांधकाम चालू असलेली सदनिका असेल तर ५ टक्के जीएसटी. हा पैसा पुष्कळदा दुकानाच्या खेळत्या भांडवलातून उचलला जातो आणि त्याची झळ पुढच्या हंगामात लागते. कर्जासोबत विम्याचा एकरकमी हप्ता कर्जातच मिळवून देण्याची प्रथा आहे. एक लाखाचा असा हप्ता २० वर्षांत दोन लाख आठ हजारांना पडतो. कर्त्या पुरुषाचा विमा हवाच, पण तो स्वतंत्र मुदतीचा घेऊन त्याचा हप्ता वेगळा भरावा. १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक नव्या कर्जासोबत 'की फॅक्ट स्टेटमेंट' देणे बंधनकारक आहे. शुल्के धरून होणारा वार्षिक दर त्यात लिहिलेला असतो. दोन बँकांची तुलना करायची ती त्या आकड्याची.

कर वाचतो म्हणून कर्ज चालू ठेवावे, हा सल्ला आता जुना झाला. स्वतः राहत्या घराच्या व्याजावरील दोन लाखांपर्यंतची वजावट नव्या कररचनेत मिळत नाही. जुन्या रचनेतही वाचतो तो व्याजाचा एक अंश. उरलेले व्याज खिशातूनच जाते.

पालीसारख्या गावात घर बांधायचे असेल, तर कर्जाआधी कागदांचा प्रश्न येतो. गावठाणातील घरांना मिळकत पत्रिका देण्यासाठी २०२० साली स्वामित्व योजना सुरू झाली आणि ड्रोनने मोजणी होऊ लागली. ती पत्रिका हाती असेल तर बँकेशी बोलणे सोपे जाते. जमिनीवर कर्ज काढले की सातबाऱ्याच्या 'इतर हक्क' रकान्यात बँकेचा बोजा चढतो. कर्ज पूर्ण फिटल्यावर तीस दिवसांत मूळ कागदपत्रे परत देणे बँकेवर बंधनकारक आहे. विलंब बँकेमुळे झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते. हा नियम १ डिसेंबर २०२३ पासून आहे. सातबाऱ्यावरचा बोजा मात्र आपोआप उतरत नाही. बँकेचा ना-हरकत दाखला घेऊन तलाठ्याकडे अर्ज करावा लागतो, फेरफार मंजूर व्हावा लागतो, आणि नव्या उताऱ्यात तो रकाना कोरा झाल्याची खात्री स्वतःच्या डोळ्यांनी करून घ्यावी लागते.