ट्रिनिटीच्या दुसऱ्या दिवशी

रॉबर्ट ओपनहायमर यांचे नाव निघाले की आपल्याकडील चर्चा गीतेच्या अकराव्या अध्यायापुढे सहसा सरकत नाही. १६ जुलै १९४५ रोजी न्यू मेक्सिकोच्या वाळवंटात पहिला अणुस्फोट झाला. ‘ट्रिनिटी’ हे त्या चाचणीचे सांकेतिक नाव. त्या क्षणी आपणांस गीता आठवली, असे त्यांनी पुढे सांगितले. २०२३ साली त्यांच्यावरील बोलपट आला, तेव्हाही आपली मंडळी त्या श्लोकाभोवतीच घोटाळत राहिली. याहून अवघड गोष्ट ऐकण्याची ज्यांची तयारी असेल, त्यांनी जॉन एल्स या अमेरिकन दिग्दर्शकाचा १९८१ सालचा ‘द डे आफ्टर ट्रिनिटी’ हा अनुबोधपट अवश्य पाहावा.

एल्स यांनी नट घेतले नाहीत. आरोपीचा पिंजराही उभारला नाही. लॉस अलामॉसच्या प्रयोगशाळेत ज्यांनी बाँब घडविला, त्या हान्स बेथे, रॉबर्ट विल्सन प्रभृतींना कॅमेऱ्यापुढे बसविले आणि बोलू दिले. साठी-सत्तरीतली ही माणसे. रॉबर्ट यांचे धाकटे बंधू फ्रँक सांगतात, की हिरोशिमाची बातमी ऐकताच पहिला विचार मनात आला तो हा, की देवाची कृपा, बाँब फुसका निघाला नाही! मेलेल्या माणसांचे चित्र डोळ्यांपुढे आले ते त्यानंतर. हा क्रम कोणी त्यांच्याकडून वदवून घेतलेला नाही. तो तसाच होता, आणि तो त्यांनी लपविला नाही.

विल्सन यांचे बोलणे तर चटका लावते. हिटलरच्या हाती बाँब पडेल, या भयाने ही मंडळी कामास लागली होती. मे १९४५ मध्ये जर्मनी शरण आला. भयाचे कारण सरले; काम मात्र थांबले नाही. तेव्हाच आपण निघून जावयास हवे होते, असे विल्सन म्हणतात. पण तसा विचार करणारा कोणी आपल्या पाहण्यात नव्हता. चावी दिलेल्या यंत्राप्रमाणे सारे चालले होते. (जर्मनी बाँब बनवीत नाही हे कळल्यावर, १९४४ अखेरीस, जोसेफ रोटब्लाट तेवढे निघून गेले. १९९५ साली शांततेचे नोबेल ज्यांना मिळाले, तेच हे.)

चित्रपटाचे नाव आले आहे ते थोरल्या ओपनहायमर यांच्या एका उत्तरावरून. अण्वस्त्रांचा प्रसार रोखण्यासाठी अध्यक्ष जॉन्सन यांनी वाटाघाटी सुरू कराव्यात, या सूचनेबद्दल त्यांना विचारले गेले. वीस वर्षे उशीर झाला, ते म्हणाले. हे ट्रिनिटीच्या दुसऱ्याच दिवशी व्हावयास हवे होते. चेहरा ओढलेला, आवाज जवळजवळ कोरडा.

एक तक्रार मात्र आहे. वाळवंटाच्या आसपास राहणारी साधी माणसेही या चित्रपटात बोलतात, पण शास्त्रज्ञांच्या मानाने फारच थोडे. त्यांना अधिक वेळ मिळावयास हवा होता. नेवाडातील चाचण्यांची झळ लागलेल्या रहिवाशांना भरपाई देणारा कायदा अमेरिकेने १९९० साली केला. ट्रिनिटीच्या परिसरातील रहिवाशांचा समावेश त्यात झाला तो २०२५ साली.