चित्रदालनात आपणही जाऊ

कुपवाडच्या कारखान्यांत राबणाऱ्या आमच्या बांधवांना मुंबईची चित्रदालने म्हणजे शेठलोकांचे काम वाटते. पण या धंद्याची सुरुवात पाहा. केकू गांधी यांनी १९४१ साली फ्रेमा बनविण्याचा ‘केमोल्ड’ हा व्यवसाय काढला. दुकानाच्या काचेत ते नव्या चित्रकारांची चित्रे मांडीत. त्यांत के. एच. आरा होते. लहानपणी घर सोडून मुंबईस आलेला, मोटारी धुतलेला, घरगडी म्हणून राबलेला माणूस! पुढे १९६३ साली जहांगीर कलादालनाच्या पहिल्या मजल्यावर ‘गॅलरी केमोल्ड’ उघडली. २००७ साली ती फोर्टात गेली. चित्र विकले की दालन आपले कमिशन कापून घेते, उरलेले चित्रकाराला. विकत घेण्याची ऐपत आम्हा कारकुनांचीही नाही. पाहायला मात्र तिकीट लागत नाही. तेव्हा दारावरचा रखवालदार पाहून मुलांसह माघारी फिरू नका.