नोंद रद्द करायची का?

एका पतसंस्थेची पिग्मी, म्हणजे रोजची छोटी बचत, गोळा करणाऱ्या एजंटांसाठी मोबाइलवरचे ॲप रचण्याचे काम माझ्याकडे आले तेव्हा खाती, रकमा आणि पावत्या यांची व्यवस्था लावण्यात माझे कित्येक आठवडे गेले. मात्र जिला आम्ही व्यवसायातली माणसे डायलॉग म्हणतो, त्या मधूनच उघडणाऱ्या लहानशा चौकटीकडे मी एका दुपारपलीकडे लक्ष दिले नाही. चुकीची नोंद पुसण्यापूर्वी विचारणा व्हावी म्हणून अँड्रॉइडची तयार चौकट घेतली, तीत ‘नोंद रद्द करायची का?’ एवढा मजकूर घातला आणि खाली शिरस्त्याप्रमाणे ‘रद्द करा’ व ‘ठीक आहे’ ही दोन बटणे ठेवली.

पुढे भाजीबाजारात एका वयस्क एजंटांच्या शेजारी उभा राहून पाहत असता, दुकानदाराचे १०० रुपये त्यांनी नोंदविले, गर्दीत अंगठा भलत्या जागी पडला, चौकट उघडली, आणि त्यांनी शांतपणे ‘ठीक आहे’ दाबले. नोंद नाहीशी झाली. “साहेब, नोंद ठीक होती, म्हणून तर ‘ठीक आहे’ दाबलं,” ते म्हणाले. त्यांचे म्हणणे अक्षरशः खरे होते. इंग्रजीतील ‘कॅन्सल’ हा शब्द विचारणा मागे घेण्यासाठी असतो. त्याच्या जागी बसविलेले आमचे ‘रद्द करा’ मात्र नोंदीलाही लागू पडते आणि विचारणेलाही, आणि ज्याच्या हातात दुसऱ्याचा पैसा आहे त्याला असा द्व्यर्थी हुकूम देणे हा माझा अपराध होता.

म्हणून तयार चौकट सोडून स्वतंत्र रचण्याची तजवीज केली. बटणांवर ‘नोंद राहू द्या’ आणि ‘नोंद काढून टाका’ अशी पुरती वाक्ये आली. ती शेजारी-शेजारी मावेनात, तेव्हा एकाखाली एक मांडली आणि प्रत्येकाची उंची ४८ डीपी, म्हणजे पडद्यावर सुमारे ९ मिलिमीटर, ठेवली. रोमन अक्षरांच्या मापाने बांधलेल्या ओळीत ‘नोंद’ शब्दाच्या मात्रेवरील अनुस्वार वरच्या कडेला कापला जात होता. अक्षर लहान करण्याचा मोह टाळून ओळीची उंची वाढविली. एजंटांनी फोनमधले अक्षर मोठे करून घेतले होते, त्यामुळे मजकूर फुगून खालचे बटण चौकटीबाहेर जाई; आता मजकूर सरकतो आणि बटणे जागेवर कायम राहतात. चौकटीबाहेर स्पर्श झाला किंवा मागे जाण्याची खूण केली, तर नोंद सुरक्षित राहते. फोन आडवा होताच नाहीशी होणारी चौकट अँड्रॉइडच्या ‘डायलॉग फ्रॅगमेंट’ या घटकाच्या स्वाधीन केल्यावर टिकू लागली.

जमा झाल्याची वर्दी देणारी दुसरी चौकट मात्र मी समूळ काढली. तिथे तळाशी क्षणभर दिसणारी एक ओळ पुरते. चालत्या कामात माणसाला अडविण्याचा अखत्यार, जे मागाहून दुरुस्त होणार नाही, तेवढ्यापुरताच वापरावा, असे माझे ठाम मत झाले आहे.

नवी चौकट घेऊन पुन्हा बाजारात गेलो. एजंटांनी फोन हातभर दूर धरून ती निरखली आणि म्हणाले, “रक्कम आधी दिसू द्या, प्रश्न मग.” त्याच संध्याकाळी खातेदाराचे नाव आणि रक्कम ठळक अक्षरांत वर घेतली, प्रश्न त्यांच्याखाली आणला.