साइक्स सगळे एकाच घरचे?

पुण्याभोवतीच्या माळरानांवर पक्षी बघणाऱ्यांना तुरेवाला ‘साइक्सचा चंडोल’ ठाऊक असतो. हे साइक्स म्हणजे कर्नल विल्यम हेन्री साइक्स, मुंबई सरकारचे सांख्यिकी अधिकारी. १८२०च्या दशकात त्यांनी दख्खनची पिकं, माणसं, पाखरं सगळ्यांची मोजदाद केली. एका रातव्याच्या शास्त्रीय नावात ‘महरात्तेन्सिस’ घालून आपला मुलूख पक्षिशास्त्रात नेला. घराणं मात्र यॉर्कशायरचं, आणि या आडनावाची सर्वांत दाट वस्तीही तिथेच, हडर्सफील्डच्या आसपास.

तिकडच्या बोलीत ‘साइक’ म्हणजे ओहोळ, बहुधा शेताच्या हद्दीवरचा. असे ओहोळ उत्तर इंग्लंडात पावलोपावली. त्यामुळे तेराव्या-चौदाव्या शतकात आडनावं रुळत गेली, तेव्हा साइक्सही ठिकठिकाणी स्वतंत्रपणे उपजले असणार, असंच अभ्यासक धरून चालले होते.

ऑक्सफर्डचे जनुकशास्त्रज्ञ ब्रायन साइक्स यांना हे तपासायची संधी गमतीनं मिळाली. ग्लॅक्सो वेलकम या औषध कंपनीचे तेव्हाचे अध्यक्षही साइक्सच, सर रिचर्ड. दोघांचं नातं काय, असं विचारलं गेलं आणि नमुना घेतला गेला. वाय गुणसूत्र बापाकडून मुलाकडे जातं, इंग्रजी आडनावासारखंच. दोघांचं जुळलं! मग यॉर्कशायर, लँकेशायर आणि चेशायरमधल्या साइक्स मंडळींना पत्रं गेली. आलेल्या नमुन्यांपैकी ४८ जणांचे तपासले, तर जवळपास निम्म्यांचा साचा एकच, आणि तो त्या भागातल्या इतर पुरुषांत सापडेना. २००० साली कॅथरीन अर्व्हेन यांच्यासह त्यांनी निष्कर्ष मांडला: आजच्या साइक्सांचा मूळपुरुष एकच. उरलेले निम्मे? ७०० वर्षांत दर पिढीला सरासरी १.३ टक्के मुलांचा बाप कागदावरच्यापेक्षा वेगळा, असा हिशेब निघाला. चवीनं सांगण्याजोगा आकडा खरा. पण दत्तक गेलेला मुलगा, आईचं आडनाव लावणारा मुलगा, जमिनीबरोबर सासऱ्याचं नाव घेणारा जावई, हे सगळे त्याच १.३ मध्ये बसतात. बदफैलीपणाचं माप म्हणून तो वापरणं अन्यायाचं.

मूळपुरुषाबद्दलही मी सावधच राहीन. तपासणी गुणसूत्रावरच्या अवघ्या चार खुणांवर उभी होती. शिवाय एकच घराणं उरलं म्हणजे सुरुवातही एकानंच केली, असं होत नाही. मुलगे झाले नाहीत, प्लेगनं घर बुडवलं, की ती शाखा नावासकट खुंटते. मग सुरुवातीला पाच साइक्स असोत की पन्नास, हाती लागतो तो टिकलेल्याचा वंश. लेस्टरच्या तुरी किंग आणि मार्क जॉबलिंग यांनी २००९ साली ४० आडनावं घेऊन याच गोष्टीवर बोट ठेवलं. ॲटनबरोसारख्या विरळ नावात बहुसंख्य पुरुषांचा वाय साचा एकच निघाला. स्मिथांमध्ये मात्र रस्त्यावरच्या कुठल्याही दोन इंग्रजांइतकंच साम्य, कारण लोहारकीची भट्टी गावोगावी होती.